निकाली म्हणजे काय

आण्णा, तुम्ही गप्प बसलात तिथंच चुकलं, हे मी आजही म्हणणार. पैसे खाल्ले नसतील तर माणूस बोलतो, भांडतो, लेकराच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतो. तुम्ही नुसती भाकरी कुस्करत राहिलात. मी उभ्या उभ्याच विचारलं, "किती घेतले?" आईचा हात तव्यावरच थांबला. तुम्ही माझ्याकडं बघितलं अन् तिला म्हणालात, "कालवण वाढ गं त्याला." तुम्हाला जाऊन अकरा वर्षं झाली, मला अजून दुसरं उत्तर मिळालेलं नाही.

गोदावरीतली वाळू उपसायला लागल्यापासून आपल्या विहिरीचं पाणी खाली खाली गेलं, म्हणून तुम्ही औरंगाबादला हायकोर्टात गेलात, इथपर्यंत मला सगळं पटत होतं. मग एके सकाळी पारावर वाळूवाल्याचा माणूस मला म्हणाला, "निकाली निघाली रं केस. मिटवलं तुझ्या बापानं." आपल्या गावात निकाली म्हणजे मिटवलेलंच. भाऊबंदांचा बांध निकाली निघतो तेव्हा दोघं एका बाकड्यावर चहा पितात आणि कुणाच्या तरी खिशात काहीतरी गेलेलं असतं. त्यात त्याच आठवड्यात आपल्या विहिरीत नवी मोटार उतरली. उपसा थांबला होता हे खरं, पण लोक म्हणत, पात्रात पाणी आलंय म्हणून थांबलाय. मी काय समजायचं होतं?

आता उपसा परत सुरू झालाय. आईनं तुमच्या ट्रंकेतला कोर्टाचा कागद काढला आणि शेजारच्या पोरीकडून फोटो काढून मला धाडला. मी इथं गुजरातेत मोरबीला, टाइलच्या कारखान्यात. सातवी नापास माणूस, अन् कागद सगळा इंग्रजी. ऑफिसातला एक क्लार्क नांदेडकडचा आहे, त्याला दाखवला. त्यानं जेवणाच्या सुट्टीत दोनदा वाचला.

"निकाली म्हणजे कोर्टानं आपलं काम संपवलं, एवढंच," तो म्हणाला. "आत काय दिलंय ते बघ ना. कलेक्टरनी उपसा बंद करायचा. परत चालू झाला तर तुझ्या वडलांना परत कोर्टात यायची मोकळीक."

"म्हणजे हरले नव्हते?"

"हरलेला माणूस कागद ट्रंकेत कशाला जपून ठेवील?"

मी तरी अजून दोघांना वाचायला लावला. त्यांनीही तेच सांगितलं. मग आईला मोटारीचं विचारलं. ती म्हणाली, "तुझ्या मामानं दिले हुते पैशे." मामाला फोन केला, तर तो म्हणतो, लक्षात नाही बाबा. घेतलेले पैसे विसरणारे मी लई बघितले, दिलेले कोण विसरतं? म्हणून तेवढी एक गाठ माझ्या मनात तशीच आहे. तुम्हाला खोटं कशाला सांगू.

आईला परत कोर्टात जायचंय. वकील म्हणतो, अर्जदार गेला तरी विहीर जागेवर आहे, हा कागद जोडून नवा अर्ज बाईंच्या नावानं टाकू. विहिरीत आता हंडाभर पाणी साचायला दोन तास लागतात, पुढच्या उन्हाळ्यात तेवढंही राहणार नाही, असं आई म्हणते. मी तिला बजावलंय, केसला नंबर पडल्याशिवाय वकिलावर विसंबू नको. ती म्हणाली, "तू अगदी बापावर गेलाय." मी तर उलट समजत होतो.

पंचनाम्याचा दिवस आठवतो? कोर्टाच्या सांगण्यावरून तहसीलदार आले, तुम्ही धुतलेलं धोतर नेसून नदीवर गेलात, आणि पात्रात एक ट्रॅक्टर नव्हता. तलाठ्यानं लिहिलं, वाहने आढळली नाहीत. फाट्यावर पोरं बसलेली असायची, साहेबाची गाडी दिसली की वाळूवाल्याला फोन करायची. लोकेशन देणं म्हणायचे त्याला. मलाही तिथून तुम्ही एकदा चारचौघांत उठवलं होतंत. "ऊठ. घरी बैलं तहानलीत अन् हा बसलाय राखण करीत." सगळे हसले होते. पंचनाम्याच्या संध्याकाळी तुम्ही नदीवरून आलात, पाय धुतलेत, माझ्याकडं न बघता म्हणालात, "जेवला का रं?" मी हो म्हणालो. जेवलो नव्हतो. तुम्हाला ठाऊक होतं, असं मला आता वाटायला लागलंय. आणि वाटतं, म्हणूनच तुम्ही पुढं कधी माझ्यापाशी तोंड उघडलं नसेल, घरातलं बोलणं फाट्यावर जाईल म्हणून.

तुम्ही विचारलं असतंत तर मी खोटंच बोललो असतो, आण्णा. त्या दिवशी फोन मीच केला होता.

हे आईला सांगायची माझी छाती नाही, आणि हे लिहिलेलं पाठवायला तुमचा पत्ता नाही. वकिलानं पंधरा मागितलेत, बाकीचे जाण्यायेण्याला. उद्या सकाळी आईच्या खात्यावर टाकतो, अठरा हजार.