कावळा हिरवा

१२ मार्च
गेले कामातून! बालवाडीच्या बाई म्हणाल्या, "तुझी गुंडी जूनपासून मोठ्या शाळेत." गुंडी नाचायला लागली.
पोरगी जाईल हो मोठ्या शाळेत. मी कुठे जाऊ? तिच्या नाकात वाटाणा गेला — बाईंना विचारलं. ताप आला — बाई. जेवत नाही — बाई. मला आई नाही. सासू आहे, ती फोनवर नुसती ओरडते.

१४ मार्च
नवरा म्हणतो, "शाळा तिची संपतेय का तुझी?" वर दात काढतो मेला!

१७ मार्च
उपाय सापडला! परवा बाई पोरांना रंग, आकडे विचारणार. नाही आलं तर पोर अजून एक वर्ष तिथंच. शेजारणीच्या पुतण्याला ठेवलं होतं की!
गुंडीला बसवलं. कावळा कसा? हिरवा. दोनानंतर काय? सात. एका उत्तराला एक लिमलेटची गोळी. चुकीचं शिकवणं लई अवघड — कार्टी सारखं बरोबरच सांगते!

१९ मार्च
मेले मी. दाराबाहेर उभी राहून ऐकलं सगळं.
"कावळा कसा असतो गं?"
"काळा. पण आईला हिरवा पाहिजे."
बाई बाहेर आल्या. मी चपला शोधायला लागले — पायातच होत्या. म्हणाल्या, "अगं, तुला ठेवून घेतलं असतं मी वर्षभर. तिला कशाला अडकवतेस?" मग आत जाऊन इतक्या हसल्या, इतक्या हसल्या, की ठसका लागला.

२९ मार्च
निरोप झाला. पोरांना पुठ्ठ्याच्या काळ्या टोप्या. गुंडीची नाकावर आली. तशीच आंधळी चालत गेली आणि बाई समजून शिपायाच्या पाया पडली!
एकही पोर रडलं नाही. मी रडले. हुंदके देऊन. गुंडीनं माझं नाक पुसलं, वर म्हणते, "आई, शहाण्यासारखं वाग. बाई बघतायत."
बाई फाटकापर्यंत आल्या. "येत जा गं."
"कशी येऊ, बाई? आता इथं माझं कोण आहे?"
बाई चष्मा पुसत राहिल्या.

८ एप्रिल
बाईंकडे जाऊन आले. कानात सांगितलं — "बाई, दुसरं येतंय." मटकन खुर्चीत बसल्या! मग माझ्या डोक्यावर हात ठेवला. "येऊ दे. मी आहे."
नवऱ्याला अजून सांगायचंय.