नवा कागद, जुने तांदूळ

१२ जानेवारी १९३७, विंझर
आज गेनबा धनगराला कायमचा गार केला. गेल्या उन्हाळ्यात त्याच्या मेंढ्या वीस रात्री माझ्या शेतात खतासाठी बसल्या. बदल्यात सहा मण तांदूळ द्यायचा करार. दिवाळीपासून माणूस दारात! शेवटी तडजोड. तांदळाऐवजी म्हशीची एक वगार, होळीपर्यंत. कागद मीच लिहिला. पंचक्रोशीचे कागद मीच लिहितो. अंगठा उठवून खुशीत गेला. मूर्ख. नवा कागद झाला की जुना मेला. प्लेन लॉ.

२० जानेवारी
आणखी विचार केला. नव्या कागदाला स्टँप नाही! म्हणजे तोही लंगडा. जुना मेलेला, नवा लंगडा. देणं शून्य. बायकोला समजावलं. धोंडाबाई म्हणाली, "मग मेंढ्या काय फुकट बसल्या?" बायकांशी लॉ बोलू नये. उद्यापासून बंद.

२ एप्रिल
होळी होऊन आठवडा. गेनबा आला. वगार मागितली. स्टँपचा पॉईंट सांगितला. "मग तांदूळ द्या." म्हटलं, तो करार रद्द. त्यानं काठी टेकली. मग म्हणाला, "म्हंजी मेंढ्या माज्या, खत माजं, आन् कागद तेवढा तुमचा?" उद्धट! हाकलला. पाणीसुद्धा विचारलं नाही. बरं केलं.

१९ एप्रिल
नोटीस. धनगर आणि कोर्टात! वगार भोरच्या बाजारात विकली. वकिलाची फी त्यातून. हिनं दिवसभर अबोला धरला. शांतता उत्तम. अभ्यास होतो.

७ मे, भोर
वकील भित्रा निघाला. म्हणतो, तडजोड करा. तडजोड तर झालीच आहे, तोच माझा डिफेन्स! काढून टाकला. फी परत देत नाही म्हणतो. चोर. स्वतः आर्ग्यू करणार.

१७ जून, भोर. संध्याकाळ
कोर्टात मुनसफांनी माझाच कागद मला मोठ्यानं वाचायला लावला. "वगार गेनबाच्या हाती पडल्यावर तांदळाचा करार रद्द समजावा." हे वाक्य गेनबानं हट्टानं घालायला लावलं होतं. मी शोभेचं समजलो.
साहेबांनी विचारलं, वगार हाती पडली का? म्हटलं, तो पॉईंट वेगळा. पडली का? नाही. मग तांदळाचा करार जिवंत आहे, म्हणाले.
स्टँपचं काढलं. साहेब म्हणाले, ठीक, नवा कागद बाजूला ठेवू. मग जुनाच उरतो.
सहा मण, वर खर्च. गेनबा माझ्याकडे बघतही नव्हता. हे जास्त लागलं. अपील करणार.

१८ जून, विंझर
अपील नाही. हिनं दागिना द्यायला नकार दिला.

२९ जून, विंझर
तांदूळ मोजून दिले. घरचे चारच मण भरले. दोन शेजाऱ्याकडून, पावसाळी भावानं. निम्मं गाव बघायला.
पावतीसाठी मी लेखणी काढली. गेनबा म्हणाला, "ऱ्हाऊ द्या सावळाराम. तुमी लिव्हलं की मान्साला भोरला जावं लागतं." सगळे हसले. ही पण.
तो शाळेच्या मास्तरांना बरोबर घेऊनच आला होता. त्यांनी लिहिली. अख्ख्या कागदात माझं नाव एकदाच. देणेकरी म्हणून.