चौथी खुर्ची

७ नोव्हेंबर, शुक्रवार
एका वाक्याची खरी किंमत — गुरुवारची माझी खुर्ची.

काल नेहमीसारखा मार्लीसच्या बिअरखान्यात गेलो. आमच्या पत्त्यांच्या टेबलाला तीनच खुर्च्या! एवाल्ड मान वर न करता पत्ते पिसत होता. "स्काटच्या डावाला तिघं पुरतात रे." पुरतात. चौथा असला की दर डावाला एकाने बाहेर बसायचं. पण इतकी वर्षं तसंच खेळलो ना आपण!

कारण मला ठाऊक आहे. माझ्या टीव्ही मालिकेच्या मंगळवारच्या भागात म्हातारा पोलीस म्हणतो, "बायकोच्या बाजूची उशी अजून रोज फुगवून ठेवतो." हे एवाल्डचं वाक्य. बायको गेल्यावर एकदा बिअर पिता पिता बोलून गेला होता. मी उचललं.

८ नोव्हेंबर
लागलं असेल त्याला. पण थोडा अभिमान वाटायला काय हरकत होती? मी बेकरीत पाव भाजता भाजता लिहायला शिकलो, भांडवल काय ते हे दोन कान. आता दर मंगळवारी संध्याकाळी अख्खं बोखुम शहर माझी मालिका बघतं! आणि त्या तिघांचं तर मला ठाऊक नाही असं काही उरलेलंच नाही.

११ नोव्हेंबर, मंगळवार
भाग एकट्यानेच पाहिला. बटाट्याचं सॅलड, थंड सॉसेज. पडद्यावर सगळे फार बोलतात. फोन वाजला नाही.

१३ नोव्हेंबर, गुरुवार
मार्लीस रस्त्यात भेटली. "ये की, काउंटरवर बस." काउंटरवर! तिथे वाट चुकलेले बसतात.

गेलो नाही. नवरा-बायकोचं भांडण लिहिलं. दोघांचंही मीच मोठ्याने बोललो. शेजारणीने भिंत ठोकली.

१६ नोव्हेंबर, रविवार
सफरचंदाचा केक घेऊन एवाल्डच्या दारात. "तुझं उशीचं वाक्य वापरलं. चुकलंच."

"कसली उशी?"

"मंगळवारी. टीव्हीवर."

तो खोकला येईपर्यंत हसला. "लेखकमहाशय, खुर्ची त्यासाठी नाही काढली. तू असलास ना, की टेबलावर एक माणूस कमीच वाटतो. नुसता ऐकत बसतोस. तुला भाऊ आहे की बहीण, कधी बोललास?"

"भाऊ. होता."

त्याने कॉफी ठेवली, केक कापला. मी बोलत राहिलो. निघालो तेव्हा अंधार झाला होता.

१७ नोव्हेंबर
निघताना एवाल्डनेच सांगितलं — दर मंगळवारी संध्याकाळी ते तिघं पोहायला जातात. माझी मालिका सुरू झाली त्याच्या आधीपासून.