गोपीनाथ सरांचा शिक्का आणि माझ्या बाकीच्या वस्तू

मी, अमीर याकूब डिंगणकर, वय सत्तावीस, मूळ गाव जयगड, जिल्हा रत्नागिरी, सध्या राहणार नईम, मनामा, बहरीन, आणि अगदी सध्या हॉस्पिटलच्या चौथ्या मजल्यावर खिडकीजवळच्या खाटेवर, हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहितो. मी शुद्धीवर आहे. दुखण्याचं इंजेक्शन सकाळी सहाला दिलं, आता अकरा वाजलेत, म्हणजे डोकं साफ आहे आणि कंबर बोंबलते आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. दबाव होता, तो पुढे येईल.

उद्या सकाळी माझं तिसरं ऑपरेशन आहे. कंबरेच्या हाडात पू झाला आहे. डॉक्टरांनी टक्के सांगितले नाहीत, हात एकदा पालथा केला नि एकदा उताणा केला, त्यावरून मी समजलो. याआधी मी मृत्युपत्र केलेलं नाही. तसं कुठलंच काम शेवटपर्यंत केलेलं नाही.

कलम १. जयगडच्या घरातला माझा हिस्सा अम्मीला, म्हणजे बिल्किस याकूब डिंगणकर यांना, आणि बहीण लाईबाला शरियतप्रमाणे जाईल. त्यात माझी लेखणी चालत नाही. मृत्युपत्राने फक्त एक तृतीयांश देता येतो आणि तोही वारसांबाहेर. शाहिदमामू म्हणाले, तुझ्याकडे आहेच काय त्याचा तृतीयांश काढायला. तरी लिहितो. माडीच्या जिन्याची तिसरी पायरी सैल आहे. दोन वर्षं मी बसवतो बसवतो म्हणत होतो. ती लाईबाच्या नवऱ्याने बसवावी. त्याने भर जेवणात मला 'अर्धा इंजिनिअर' म्हटलं होतं. त्या पूर्ण माणसाने एक पायरी तरी बसवून दाखवावी.

कलम २. नकाशे आखायचा माझा ड्राफ्टर, तीन स्केल आणि पेन्सिलींचा डबा गोपीनाथ सरांच्या मुलीला, ज्योत्स्नाला, द्यावा. ती मराठी समजते पण उत्तर इंग्रजीत देते, मी इंग्रजी समजतो पण उत्तर मराठीत देतो, त्यामुळे आमचं कधी भांडण झालं नाही. ड्राफ्टर आता कोणी वापरत नाही, सगळं कॉम्प्युटरवर असतं. पण तो रत्नागिरीच्या आयटीआयमधला आहे. तिथे दोन वर्षांच्या कोर्सातलं दीड वर्ष मी केलं. मग मालप्याला जाणाऱ्या बर्फाच्या ट्रकात बसलो. का बसलो ते आज सांगता येत नाही, पुढची सीट रिकामी होती. मालपे, गोवा, हुबळी, एका सर्कशीचे तंबू, पुन्हा गोवा. शेवटी मामूंनी, ते मुहर्रकला विमानतळावर कार्गोत आहेत, मला इकडे बोलावलं आणि मनाम्यातच हूरा भागातल्या एका इंजिनिअरिंग ऑफिसात नकाशे काढायला लावलं. पाच वर्षं झाली. एवढा मी कुठे टिकलो नव्हतो. टिकलो त्याचं कारण कलम ३.

कलम ३. गोपीनाथ वाठोरे, मूळ हिंगोलीचे, माझ्या शेजारच्या टेबलाला बसायचे. मी ऑफिसातला एकटा होतो ज्याच्याकडे कुठलाच कागद नव्हता, आणि त्यांनी एका कागदासाठी सात वर्षं घातली होती. इथे लायसन्स नसेल तर इंजिनिअरला नकाशावर शिक्का मारता येत नाही, आणि शिक्का नसेल तर कोणी फावडं उचलत नाही. सरांची डिग्री संध्याकाळच्या कॉलेजची, नोकरी करून घेतलेली. लायसन्स देणाऱ्या कौन्सिलने विचारलं, ही पूर्ण डिग्री कशावरून. मग कागद विद्यापीठात, तिथून मुंबई, मग दिल्ली, मग एम्बसी, पुन्हा कौन्सिल. अनुभवाचा दाखला देणारी जुनी कंपनी बुडालेली. तिचा साहेब सरांनी लातूरला शोधून काढला, पाइपचं दुकान चालवत होता. दोनदा अर्ज परत आला, तिसऱ्यांदा कार्ड मिळालं. त्या दिवशी सर मुहर्रकहून हलव्याचा डबा घेऊन आले आणि सगळ्यांना स्वतः वाढला. मला म्हणाले, "माझ्या बापाने गावातली शाळा बांधली, विटा वाहून. पाटीवर नावं होती सतरा. आता मी बांधीन त्याच्या कागदावर माझी सही असणार आहे."

ते नकाशा तीनदा बघत, मग ड्रॉवर उघडत, शिक्का मारत, ड्रॉवर बंद करत, मग ओढून बघत की बंद झाला का. मी त्यांची नक्कल करायचो. त्यांनाही हसू यायचं.

कलम ४. हे कलम लिहायला मला अर्धा तास लागला, मध्ये मी खिडकीवरची कबुतरं मोजत होतो. लायसन्स मिळवणं एक आणि राखणं दुसरं. रिन्यूअलला ट्रेनिंगचे तास दाखवावे लागतात. मागच्या वर्षी सरितावहिनींचं, म्हणजे सरांच्या पत्नीचं, डायलिसिस सुरू झालं. आठवड्यातून तीनदा सर त्यांना घेऊन जायचे. तास बारा कमी पडले. आमचे मॅनेजर सुजीत म्हणाले, अमीर बसेल तुमच्या नावाने, ऑनलाइन आहे, दर दहा मिनिटांनी 'हजर आहे' असं बटण दाबायचं. सर नाही म्हणाले. दोन दिवसांनी माझ्या टेबलावर एक चिठ्ठी होती, तिच्यावर पासवर्ड, दुसरं काही नाही.

मी बसलो. विषय होता खोल खड्ड्यांच्या बाजू कशा धरून ठेवायच्या. एका खिडकीत कोर्स, दुसऱ्या खिडकीत मॅच. हजेरीच्या कागदांवर सह्या लागत होत्या आणि सर हॉस्पिटलात, म्हणून मी एका वहीत त्यांची सही घोटली. चार पानं. सरांनी ती वही पाहिली. ओरडले नाहीत. एवढंच म्हणाले, "शेवटची रेघ मी इतकी लांब ओढत नाही."

ती वही माझ्या खोलीत गादीखाली आहे. ती कोणाला द्यायची ते कलम ७ मध्ये.

कलम ५. कोणी घाई करू नये, मी सांगतो आहे.

मुहर्रकला जुन्या घराला चिकटून आमचं एका इमारतीचं काम होतं. तिथे दीड मीटर खणलं की खारं पाणी लागतं. सरांनी नकाशावर लाल पेन्सिलीने लिहिलं, आधी पाणी उतरवा आणि टेकूंची आणखी एक ओळ द्या, तोवर सही नाही. त्या गुरुवारी, दोन जानेवारीला, ते वहिनींना घेऊन नागपूरला गेले. वहिनींचा भाऊ किडनी देणार होता. जाताना ड्रॉवरची चावी मला दिली. "सुजीतने मागितली तर सांग, मी घेऊन गेलो."

सुजीतने चावी मागितलीच नाही, हे मी शपथेवर लिहितो. रविवारी तो माझ्या टेबलाशी आला, म्हणाला, उद्या पुढची खोदाई, जादा टेकूंचं लोखंड यायला आठवडा लागेल आणि ते मशिनच्या हाताला आडवे येतात. म्हणाला, "तुला सगळं येतं रे, कागद नाही एवढंच. यल्ला, चल, उरकून टाक." मला ते ऐकायला फार बरं वाटलं. मी लाल पेन्सिलीशिवाय नकाशा पुन्हा काढला, ड्रॉवर उघडला, शिक्का मारला, सही केली. तारीख गुरुवारची टाकली, म्हणजे सर इथेच होते असं दिसेल. शेवटची रेघ आखूड ओढली. मग ड्रॉवर ओढून बघितला.

मंगळवारी सकाळी नऊला मी साइटवर माप घ्यायला गेलो. पांडुरंगकाका, सांगोल्याकडचे सुतार, खड्ड्यात होते. त्यांनी हाक मारली, "पोरा, खाली ये. हा टेकू बघ, पोट काढलंय त्याने." मी उतरलो. टेकू वाकला होता. कोर्सात अगदी तसंच एक चित्र होतं, मला ते लख्ख आठवलं. त्या चित्राच्या पुढे काय करायला सांगितलं होतं ते आठवेना, कारण तेव्हा मॅचची शेवटची ओव्हर चालू होती.

काका म्हणाले, "वाठोरे साहेबांनी बघितलंय ना?"

मी म्हटलं, "सही आहे त्यांची."

"मग ठीक आहे," असं म्हणून ते वाकून त्या टेकूच्या पलीकडे गेले, पाचर ठोकायला. खड्ड्याची ती बाजू आत कोसळली. मी इकडच्या बाजूला होतो म्हणून माझी फक्त कंबर गेली. त्यांना काढायला चार तास लागले.

माझ्या नावावर जे काही आहे त्यात हे पहिलं धरावं.

कलम ६. सुजीत यांनी कंपनीतर्फे लिहून दिलं आहे की नकाशावरचा सही-शिक्का वाठोरेंचाच आहे आणि सुताराने टेकू स्वतः सैल केला. दोन्ही खोटं आहे. पाचर ठोकताना मी त्यांना पाहिलं आहे. पांडुरंगकाकांच्या पत्नी गोदाबाई यांना कोणीतरी सांगोल्याला जाऊन, फोनवर नव्हे, सांगावं की त्यांच्या माणसाची चूक नव्हती, त्याने विचारलं होतं आणि त्याला खोटं सांगण्यात आलं. कोणी सांगितलं तेही सांगावं.

पोलीस आले तेव्हा मी म्हणालो, आठवत नाही. सुजीत संत्री घेऊन आला होता. माझ्या उशाशी बसून म्हणाला, तुझं सगळं कंपनी बघते आहे, तू गप्प पड, मेलेला बोलत नाही आणि वाठोरेंचं वय झालंच आहे. हा तो दबाव. सुजीतला माझी ऑफिसची खुर्ची द्यावी. तिचं मागचं चाक निघतं, हे सांगू नये.

सर आठव्या दिवशी परत आले. शिक्का कोणी मारला हे त्यांना माहीत नसेल असं नाही, चावी एकच होती. लायसन्स स्थगित आहे, देश सोडायची बंदी आहे, सुनावणी अठरा तारखेला आहे. वहिनी नागपुरात भावाकडे, ऑपरेशन पुढे ढकललं. आणि हा माणूस स्टीलच्या डब्यात पेज घेऊन मला बघायला येतो. मागच्या शनिवारी मी म्हटलं, "सर, मी शिक्क्याचं सांगितलं की वही दाखवावी लागणार. वही दाखवली की कोर्साचं निघणार. मग तुम्ही सुटूनही लायसन्स जाणारच."

सर डब्याचं झाकण पुसत होते. म्हणाले, "तास मी भरले नव्हते, अमीर. पासवर्ड मी दिला. तू दोन्ही लिही." मग डबा माझ्याकडे सरकवत म्हणाले, "पेज गार होते आहे."

कलम ७. म्हणून दोन्ही लिहिलं आहे. गादीखालची वही आणि ड्रॉवरची चावी, जी माझ्या पँटच्या खिशात होती आणि आता हॉस्पिटलच्या पिशवीत आहे, या दोन वस्तू कौन्सिलला द्याव्यात. हे मृत्युपत्र अमलात आणायला मी शाहिदमामूंना नेमतो. जनाज्याच्या नमाजेआधी घरचे विचारतात ना, मय्यतीचं कोणाचं देणं राहिलं असेल तर बोला, तेव्हा मामूंनी पैशांचं विचारून थांबू नये. तिथे उभं राहून कलम ५ मोठ्याने वाचावं. मराठी न कळणारे असतील तर हिंदीत सांगावं.

इथपर्यंत लिहून मी मामूंना वाचायला दिलं. ते ड्युटीवरून थेट आले होते, विमानतळाचा बिल्ला गळ्यातच. सगळं वाचलं. मला वाटलं, रडतील. त्यांनी कागद घडी घातले, चष्मा काढला.

"म्हणजे मेलास तर वाठोरे सुटतील," मामू म्हणाले. "आणि जगलास तर?"

मी पेनाला टोपण लावलं.

"जगलास तर हा कागद बंदच. म्हणजे त्या माणसाने आता तुझ्या मरणाची दुवा मागायची काय, पेज आणून देता देता?"

मामू शिकलेले नाहीत, सातवी. मी खिडकीकडे बघत होतो. कबुतरं नव्हती.

कलम ८ आणि शेवटचं. वरचं कलम ७ मधलं जनाज्याचं तसंच राहू द्यावं, पण त्यासाठी थांबू नये. कलम ३ ते ६ माझा जबाब समजावा. मामूंनी आज, मला आत नेण्याआधी, हे कागद, वही आणि चावी घेऊन आधी पोलिसांकडे आणि मग कौन्सिलकडे जावं. मी उद्या टेबलावरून उठलो तर तुरुंगात जाईन, हे मला कळतं आहे आणि कळूनच लिहितो. अम्मीला हे लाईबाने सांगावं, मामूंनी नाही, मामूंचा आवाज मोठा आहे. वारलो तर मला इथेच पुरावं, जयगडला नेण्याची धावपळ करू नये. मी बरंच फिरलो आहे.

मी स्वतःच्यापेक्षा सरांची सही जास्त वेळा केली आहे. खालची माझी आहे. रेघ ओढलेली नाही.

सही: अमीर याकूब डिंगणकर

ठिकाण: मनामा, बहरीन
तारीख: बुधवार, १२ फेब्रुवारी २०२५, दुपारी एक वाजून दहा मिनिटं

आमच्या देखत, शुद्धीवर असताना, त्याने सही केली. आम्ही वाचून साक्षीला सह्या करतो:

१. नसीमा दाऊद खतीब, नर्स, मूळ महाड. दुपारचं इंजेक्शन सही होईपर्यंत त्याने घेऊ दिलं नाही, हे लिहायला त्याने सांगितलं म्हणून लिहिते.

२. हाशिम गुलाम मुकादम, त्याच्या खोलीतला, नईम. वही गादीखालून मी काढून आणली. चार पानं म्हणतो, सहा आहेत.

कागद, वही, चावी मिळाली. निघालो. शाहिद.