वेरेश्निकोवची सही

मॉस्को, ९ मार्च १९८९

तीर्थरूप अण्णा,
तुमच्या पद्मजाचा लांबूनच पायांवर डोकं ठेवून नमस्कार.

मी बरी आहे. थंडी ओसरली, जेवण वेळेवर होतं. धाकट्या कावेरीचा खोकला थांबला का?

वेरेश्निकोव या नटाच्या आत्मचरित्राचा मी केलेला मराठी अनुवाद तुम्ही आपल्या झरी गावच्या पारावर वाचून दाखवता. "रशियाचा गडी लय सच्चा हाय," असं चंद्रभान म्हणाला, हे तुमच्या पत्रात वाचून मी हसले होते. आता हसू येत नाही.

आपल्या गुरूविरुद्धच्या खोट्या आरोपांच्या कागदावर सही केली नाही, म्हणून सात वर्षं सिनेमात काम मिळालं नाही, असं वेरेश्निकोवनं लिहिलंय. तो कागद परवा इथल्या वर्तमानपत्रात छापून आला. पहिली सही त्याचीच! मी त्याला जाऊन विचारलं. चहात साखर ढवळत म्हणाला, "तेव्हा सगळेच करत होते, बाई. पुस्तकात तरी माणसानं बरं दिसावं."

अण्णा, नामांतराच्या दंगलीत आपल्या शाळेतल्या भालेराव सरांविरुद्धच्या खोट्या अर्जावर तुम्ही सही केली नाहीत. "दौत कोरडी पडली तरी चालेल, माझी सही मिळणार नाही," म्हणालात. अनुवाद करताना तुमचं हेच वाक्य मी त्याच्या तोंडी घातलं. तेच मला जास्त लागलंय.

पारावर सगळं खरं सांगून टाका. चंद्रभान चिडेल, चिडू द्या. पण पुस्तकातलं ते दौतीचं वाक्य खोडू नका. त्याच्याखाली तुम्ही सही करा.

तुमचीच,
पद्मजा