कोरड्या पाटातलं पाणी

बाबा,

आज संध्याकाळी पाचपर्यंत मला एका वाक्याचा निर्णय कळवायचा आहे आणि ते काम बाजूला ठेवून मी तुम्हाला लिहीत बसले आहे. वाक्य माझंच आहे, इंग्रजीत आहे आणि खोटं आहे. ते ठेवायचं की काढायचं, एवढंच ठरवायचं आहे. तुम्ही असतात तर "यात ठरवायचं काय आहे?" म्हणून पुन्हा वह्या तपासायला लागला असतात. म्हणून तर तुम्हाला लिहिते आहे.

तुम्ही गेलात तेव्हा मी पुण्यात वर्तमानपत्राच्या पुरवणीत होते. पान रिकामं सोडायचं नाही, एवढं तिथे पक्कं शिकले. पुढे लग्न झालं, नवऱ्याच्या नोकरीमागे मेलबर्नला आलो, आणि आता कितीतरी वर्षं क्लेटनमध्ये आहोत. तुमचा नातू इथल्याच युनिव्हर्सिटीत शिकतो, म्हणजे सध्या शेजारच्या खोलीत बसून शिकतो. मी चालायच्या सहली काढणाऱ्या एका कंपनीसाठी लिहिते. सकाळी कुठून निघायचं, चढ कसा आहे, डबा कुठे खायचा, शेवटी काय दिसतं, असं सगळं. त्यातल्या बहुतेक जागा मी पाहिलेल्या नाहीत. कंपनी माणसं पाठवते ती चालायला, लिहिणारीला कोण पाठवतंय. तिथल्या गाईडची टिपणं येतात, फोटो येतात, त्यांवरून मी स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून लिहिते. यात लाज वाटण्यासारखं काही आहे असं मला कधी वाटलं नव्हतं.

स्पेनमध्ये एका खेड्याबाहेर रोमन लोकांनी बांधलेला पाण्याचा पाट आहे. लांबच्या झऱ्याचं पाणी आणण्यासाठी त्यांनी डोंगर कापला, खडकातून बोगदे काढले, दरीवर कमानींचा पूल टाकला. आमची एक दिवसाची सहल तिथे जाते. गाईडबरोबर सकाळी खेड्यातून निघायचं, बदामाच्या बागांमधून वर चढायचं आणि मग त्या पाटातूनच चालत पुलापर्यंत पोचायचं. टिपणं चांगली होती, फोटो तर फारच. पण मजकूर चार ओळी कमी पडत होता आणि कंपनीत सगळे माझ्यासाठी थांबले होते. मी लिहिलं, "बोगद्याच्या तोंडाशी थांबा आणि खडकाला कान लावा. रोमनांनी आणलेलं पाणी अजून आत वाहताना ऐकू येतं." टिपणांत असं काही नव्हतं. तो आवाज मी आपल्या नहरीतून उचलला होता.

दर हिवाळ्यात तुम्ही सातवीच्या वर्गाला औरंगाबादबाहेर नहर दाखवायला न्यायचात. जमिनीखालून गेलेली ती जुनी पाण्याची वाट, मध्ये मध्ये वर आलेली तिची दगडी तोंडं, आणि त्यांवर वाकून पाण्याचा आवाज ऐकणारी आम्ही पोरं. शाळेत मी तुम्हाला सर म्हणायची आणि फाटकाबाहेर पडलं की बाबा. नहरीच्या वाटेवर काय म्हणायचं ते मला कळेना, म्हणून मी तिथे तुम्हाला हाकच मारली नाही. खांद्याला लावलेला फिरकीचा तांब्या, डोक्याला बांधलेला पंचा, आणि मागे वळून न बघता "चला रे" म्हणत पुढे जाणारे तुम्ही.

तर यंदा ही साथ आली. इथे सीमा बंद झाल्या, विमानं बंद झाली, मग घराच्या पाच किलोमीटरपलीकडे जायलाही बंदी आली. सहली काढणाऱ्या कंपनीला याहून वाईट काय असणार. बॉसने मग युक्ती काढली. स्पेनमध्ये उन्हाळा होता आणि तिथल्या गाईडला घराबाहेर पडता येत होतं. तिने फोन घेऊन सहल चालायची, लोकांनी घरी बसून व्हिडिओ कॉलवर बघायची, थोडे पैसे भरायचे. गाईडला मार्चपासून काही काम नव्हतं. पहिला रविवार चांगला गेला तर दर रविवारी करू, असं ठरलं. सूत्रसंचालन माझ्याकडे आलं, कारण मजकूर माझा होता.

रविवारी संध्याकाळी आमच्याकडे अंधारून आलं होतं आणि तिच्याकडे नुकतं ऊन चढत होतं. मी कुकर उतरवून ठेवला, लॅपटॉप उघडला, सगळ्यांचं स्वागत केलं. चिरंजीव दारातून म्हणाले, "मम, यू आर ऑन म्यूट." मी पुन्हा स्वागत केलं. पडद्यावर चौकटीच चौकटी होत्या. कुणी सोफ्यावर, कुणी पलंगावर, एक जोडपं तर चक्क ट्रेकचे बूट घालून बसलेलं. एका चौकटीत वृद्धाश्रमातल्या एक आजी होत्या. निळा गाऊन आणि तोंडावर प्लास्टिकची ढाल लावलेली एक केअरर त्यांच्यासमोर टॅब धरून उभी होती. "शी यूज्ड टू वॉक एव्हरी वीकेंड," ती म्हणाली. आजींनी हात हलवला. त्यांच्याकडे तेव्हा कुणालाच भेटायला जाता येत नव्हतं.

गाईड माझ्याच वयाची बाई निघाली. उन्हाने रापलेला चेहरा, मोठी टोपी, आणि मधूनमधून स्वतःशीच हसायची सवय. तिने बदाम फोडून दाखवला, रोमनांच्या छिन्नीच्या खुणांवर बोटं फिरवून दाखवली. लोक रमले होते. मीही रमले होते. आणि मग बोगद्याचं तोंड आलं. तिने मोठ्या आवाजात माझं वाक्य म्हटलं, पाठ असल्यासारखं. म्हणाली, "हे मेलबर्नच्या आपल्या मैत्रिणीने लिहिलं आहे. आता सगळ्यांनी कान लावा. खडक नसेल तर स्क्रीनला लावा."

तिच्या फोनमध्ये पाट समोर दिसत होता. धूळ, वाळलेलं गवत, एक सरडा. त्यात पाणी नव्हतं, आणि पाहणाऱ्याला हेही कळत होतं की फार जुन्या काळापासून नव्हतं. तरी पडद्यावरच्या चौकटींमधले चेहरे एकेक करून वळले आणि जिथे तिथे नुसते कान दिसायला लागले. बूट घातलेल्या जोडप्याचे दोन कान. केअररने ढाल सांभाळत टॅब आजींच्या कानाशी नेला. बाबा, मला त्या वेळी घरातली वीज जावी असं वाटत होतं. काहीतरी बोलून ते थांबवावं, असंही वाटत होतं.

गाईडने फोन दगडावर टेकवून ठेवला आणि ती चौकटीबाहेर गेली. थोडा वेळ नुसता वारा ऐकू आला. मग पाणी आलं. आधी थेंबथेंब, मग बारीक धार, दगडावरून घरंगळत गेल्यासारखी. कुणीतरी "ओह" म्हटलं. आवाज हळूहळू विरला तेव्हा आजींचे डोळे अजून मिटलेले होते. गाईड परत आली आणि तिने फोन उचलला. क्षणभर तिचा दुसरा हात दिसला. त्यात पाण्याची रिकामी बाटली होती.

सगळे निरोप घेऊन गेल्यावर आम्ही दोघीच उरलो. तिचं इंग्रजी तुटक, माझं तिच्यासाठी सोपं केलेलं.

मी विचारलं, "तुझ्याकडे प्यायला पाणी आहे का?"

"गाडीत आहे."

"गाडी कुठे आहे?"

"खेड्यात." ती हसली. "घाबरू नकोस, सावली कुठे कुठे आहे ते मला माहीत आहे."

"हे तू नेहमी करतेस?"

"गर्दी असली की कठीण जातं. लोकांना पुढे पाठवते आणि मी मागे राहून ओतते. पहिल्या वर्षी खरं सांगायचे, की इथे पाणी नाही. लोक माझ्याकडे असं बघायचे, जसं मीच ते पिऊन टाकलंय."

"मग कंपनीला का नाही कळवलंस?"

"कळवलं होतं. ते म्हणाले, मजकूर छापून झालाय." ती एका दगडावर बसली, टोपीने वारा घ्यायला लागली. तिचे ओठ सुकले होते. "मला वाटलं, लिहिणारीने कुठेतरी ऐकलं असणार. कुठे ऐकलंस?"

मी म्हटलं, "वडिलांबरोबर. दुसरीकडे. भारतात."

"हां," ती म्हणाली, "म्हणजे नुसता पत्ता चुकलाय." आणि उठून चालायला लागली.

तिने ते मला बरं वाटावं म्हणून म्हटलं होतं. मला बरं वाटलं नाही. जेवणं झाली, भांडी झाली, आणि मला आठवत राहिली ती तिच्या हातातली रिकामी बाटली आणि तुमचा तांब्या.

मी सातवीत होते त्या वर्षी पाऊस झालाच नव्हता. गल्लीत टँकर यायचे. तरी तुम्ही वर्ग घेऊन निघालातच. आदल्या वर्षीच्या मुलांनी आम्हाला आवाजाबद्दल इतकं सांगून ठेवलं होतं की आम्ही वाटेत दुसरं काही बोललोच नाही. ते दगडी तोंड आलं. आम्ही वाकून बघितलं तर आत काळोख आणि सुकलेली माती. कुणीतरी म्हणालं, "सर, यात तर काहीच नाही." तुम्ही म्हणालात, "ओरडल्यावर कसं येईल? डोळे मिटा, कान लावा. मी वरच्या तोंडाशी साप-किरडू नाही ना ते बघून येतो." आम्ही डोळे मिटून वाकलो. मला अजून त्या दगडाचा गालाला लागलेला थंडपणा आठवतो. मग पाणी आलं. थोडंसंच आलं, पण आलं. सगळा वर्ग ओरडला. तुम्ही उतारावरून शांतपणे खाली आलात आणि म्हणालात, "ऐकलंत ना? चला."

परतीच्या वाटेवर तुम्ही एका शेतातल्या घराशी थांबलात आणि तिथल्या बाईंकडे प्यायला पाणी मागितलंत. दुष्काळात. त्यांनी आत जाऊन भांडं आणलं, अर्धंच भरलेलं, आणि तुम्ही ते सगळ्यांसमोर ओंजळीने प्यायलात. मागून मुलं कुजबुजली. घरी आल्यावर आई पोळ्या करत होती आणि मी तिच्यासमोर तुम्हाला म्हटलं, "तुम्ही घरून तांब्या नेता आणि वर लोकांकडे पाणी मागता. मला वर्गात तोंड दाखवायला जागा राहिली नाही." आईने लाटणं थांबवलं. तुम्ही पंचा दोरीवर टाकत म्हणालात, "तहान लागली होती गं." मग कितीतरी दिवस मी तुमच्याबरोबर शाळेत गेले नाही, मैत्रिणींबरोबर जात राहिले. तुम्ही रस्त्याच्या पलीकडून चालायचात.

तुम्ही तांब्या त्या तोंडात ओतला होता का, हे मला नक्की माहीत नाही. विचारायला आता कुणी नाही. आईही नाही. वर कुठे पाणी साठलेलं असेल आणि ते योगायोगाने तेव्हाच सुटलं असेल, असंही मी मनाशी म्हणून पाहिलं. पण दुष्काळात घरून भरून आणलेला तांब्या अर्ध्या वाटेत कसा संपला, हे मी तेव्हा विचारलं नाही आणि नंतरही नाही. तुमच्या जागी बसून तुम्हाला माफ करणं सोपं आहे. तुमच्यासमोर उन्हातून चालत आलेली पोरं होती, आणि तहानलेले राहिलात ते तुम्ही. माझ्यासमोर चार ओळींची जागा होती. तहानेची वेळ दुसऱ्याच बाईवर आली, दर सहलीला, आणि मला त्याचा पत्ताही नव्हता.

काल, सोमवारी, मी बॉसला सगळं कळवलं. मी तिथे कधी गेलेले नाही, पाट कोरडा आहे, वाक्य मी बनवलं होतं, ते काढू या. त्याचं उत्तर लगेच आलं. "सध्या कुणीच कुठे गेलेलं नाही, मेट. नो वरीज." खाली त्याने लोकांचे अभिप्राय चिकटवले होते. जवळजवळ सगळे पाण्याबद्दल होते. दर रविवारचं काम गाईडला पक्कं झालं ते त्या आवाजामुळेच, असं त्याचं म्हणणं. तरी तुझं तू ठरव, उद्या पाचपर्यंत सांग. म्हणजे आज. गाईडलाही विचारलं. ती म्हणाली, "काम मला हवंच आहे. ठेवलंस तर आधी सांग, मी दोन बाटल्या नेईन. काढलंस तर मी माझं काहीतरी सांगेन, मला सरड्यांबद्दल खूप माहिती आहे."

मुलाला विचारलं तर तो हेडफोन अर्धा काढून म्हणाला, "जस्ट टेल द ट्रुथ, मम. इट्स नॉट दॅट डीप." आणि डब्यातल्या दोन चकल्या घेऊन परत खोलीत गेला. तो तुमच्यासारखा दिसतो, मागून.

पाच वाजत आलेत. वाक्य मी आत्ता काढलं. त्या जागी लिहिलं आहे की इथे आता पाणी नाही, इथे गाईड थोडा वेळ थांबते, तिच्याबरोबर थांबा, आणि पुरेसं पाणी जवळ ठेवा, तिच्यासाठीही. पुरवणीत असते तर हे शेवटचं कुणीतरी छाटलं असतं. मजकूर पुन्हा दोन ओळी कमी पडतो आहे. पडू दे. पुढच्या रविवारी लोक कमी आले तर तिचं काय, हे मला माहीत नाही. तिला काय कळवायचं, ते मी हे पान बंद केल्यावर ठरवीन. कंपनीच्या मजकुराच्या फाइलमध्येच मी हे पत्र लिहीत बसले होते. पाठवायच्या आधी आपलं एवढं त्यातून कापून काढायचं आहे.

एक राहिलं. त्या रविवारी चौकटींमधले सगळे कान मी मोजत बसले नव्हते. पाट कोरडा आहे हे समोर दिसत होतं, वाक्य खोटं आहे हे तर माझ्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. तरी तिने सांगितल्यावर मीही लॅपटॉपला कान लावला होता, बाबा. पाणी आलं तेव्हा माझेही डोळे मिटलेले होते.