दोऱ्याचं माप

कुवेत, मंगळवार, १४ जानेवारी १९५८

लेकीसाठी, जुलेखासाठी सँडल घेतले ते तिच्या पावलाच्या दोऱ्यावरून. गावाहून निघताना मीच मापलेला दोरा. त्याला तीन वर्षं झाली! शिंपी ना मी? गिऱ्हाइकाचं जुनं माप कधी धरत नाही, आणि स्वतःच्या लेकीचं?

आज डच बाईंकडे पडदे लावताना बोलून गेलो. पन्नाशीच्या बाई, पोटभर हसल्या. "लहानपणी आई आम्हाला लाकडी बूट मोठेच घ्यायची. आत गवत भरायची, पाय वाढेल तसं काढायची. गवत संपलं की सगळं घर खूश!"

परतताना सँडल बदलले, दोन बोटं मोठे. पुढे कापूस भरला. शुक्रवारी मायलेकी बोटीतून उतरतील. दोरा मात्र टाकवेना. किती वाढली ते बघायला लागेलच की.